कॉन्क्रिशन म्हणजे खडा

जमीन तपासणीच्या प्रयोगशाळेत त्यांना सगळे खडेसाहेब म्हणत. तोंडावर नुसतं साहेब, पाठीमागे खडेसाहेब. भिंतींना कान असतात म्हणतात. प्रयोगशाळेतल्या भिंती तर प्लायवूडच्या होत्या, त्यामुळे हे नाव त्यांच्या कानावर कधीच आलं होतं. त्यांना त्याचा राग नव्हता. माणसाला त्याच्या कामावरून नाव पडावं यात वावगं काय? उलट ते मनातल्या मनात थोडे सुखावलेच होते. आपल्याला नाव ठेवण्याइतकी तरी कुणी आपली दखल घेतली, असं त्यांना वाटलं होतं.

काम त्यांचं खड्यांचं होतं, हे खरंच. कुणाला बाग लावायची असो, इमारत बांधायची असो, आधी जमिनीत माणूसभर खोल खड्डा घ्यायचा, त्याच्या भिंतीवर वरपासून खालपर्यंत मातीचे थर वाचायचे आणि कुठल्या थरात काय सापडतं ते लिहायचं. काही जमिनींत हाताभर खोलीवर चुन्याच्या गोट्या लागतात. वाटाण्याएवढ्या, सुपारीएवढ्या, क्वचित अंड्याएवढ्या. त्यांना या शास्त्रात म्हणतात कॉन्क्रिशन. साध्या भाषेत खडा, पण नुसता दगड नव्हे. दगड फुटून लहान होतो, हा खडा मात्र लहानाचा मोठा होतो. मुळाचा तुकडा, वाळूचा कण, किड्याचं कवच, असं काहीतरी मातीत अडकून राहतं; पाणी येतं, जातं, जाताना चुन्याचा पातळ लेप ठेवून जातं; लेपावर लेप चढत राहतात. खडेसाहेब असे खडे बारीक करवतीने मधोमध कापत, भिंगाखाली धरत आणि आतली वलयं बघत. मध्यभागी काय निघतं याची उत्सुकता त्यांना इतक्या वर्षांनंतरही असे. त्यांच्या टेबलावर कापलेल्या खड्यांच्या बरण्या ओळीने मांडलेल्या होत्या. खिडकीजवळचं टेबल. ती खिडकी उन्हाळा असो की थंडी, कुणीतरी येऊन उघडून जायचंच.

माणूस म्हणाल तर नाकासमोर चालणारा. कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. कामाला वाघ, बोलायला मुका. चहाच्या वेळी सगळे मोठ्या टेबलाभोवती जमत तेव्हा हे आपला कप घेऊन खिडकीशी उभे. असं नेहमीचंच होतं. शाळेत बाकावर त्यांच्या शेजारची जागा रिकामी असायची. कॉलेजात खोलीतला जोडीदार महिनाभरात खोली बदलून गेला. माणसांना आपण आवडत नाही हे त्यांनी फार लवकर ओळखलं होतं. का आवडत नाही, हे शोधायच्या फंदात मात्र ते पडले नाहीत. आपला स्वभावच कंटाळवाणा आहे, असं एकदा ठरवून टाकलं आणि मग त्या ठरावाला साजेसं वागत गेले.

लग्न झालं होतं. बायको चष्म्याच्या दुकानात काम करायची. सुरुवातीची काही वर्षं एका खोलीत, मग "तुम्ही घोरता हो फार," म्हणून ती दुसऱ्या खोलीत गेली, आणि सात-आठ वर्षांपूर्वी आजारी आईची सेवा करायला म्हणून दुसऱ्या गावी. आई गेली. ती मात्र तिथेच राहिली, तिथल्याच एका चष्म्याच्या दुकानात लागली. भांडण नाही, तंटा नाही, कोर्टकचेरी नाही. ती येते म्हणाली नाही, यांनी ये म्हटलं नाही. मूलबाळ नव्हतं, त्यामुळे मध्ये पडून कुणी ओढाताण करणारंही नव्हतं. वाढदिवसाला फोन व्हायचा. "बरे आहात ना?" "बरा आहे. तू?" "बरी आहे." एवढं झालं की दोघंही सुटल्यासारखे फोन ठेवत.

असे दिवस चालले असताना त्यांची वरची दाढ ठणकू लागली.

दातांच्या डॉक्टरने सगळ्या जबड्याचा एक लांबलचक एक्स-रे काढला. तो पडद्यावर लावून बराच वेळ बघत बसला. मग म्हणाला, "दात ठणठणीत आहेत. पण हे काय आहे?"

दातांच्या वर, नाकाच्या उजव्या बाजूला, एक पांढरा डाग होता. लांबट, खडबडीत कडांचा. खडेसाहेबांनी तो पाहिला आणि ते पडद्याजवळ सरकले. अशी आकृती त्यांच्या फार ओळखीची होती.

"कान-नाक-घशाच्या बाईंना दाखवा," दातांचा डॉक्टर म्हणाला, "आणि वेळ लावू नका."

त्या डॉक्टरीणबाई वयाने त्यांच्याहून बऱ्याच लहान, बोलायला तडकफडक. त्यांनी नाकात बारीक दुर्बीण घातली, इकडे फिरवली, तिकडे फिरवली, बाहेर काढली आणि हातमोजे उतरवत म्हणाल्या, "नेझल कॉन्क्रिशन."

खडेसाहेब एकदम हसले. दवाखान्यात असं हसू येणं बरं नव्हे, पण आवरलंच नाही.

"हसायला काय झालं?"

"हा शब्द माझा आहे, डॉक्टर."

"तुमचा?"

"मातीतला. मी आयुष्यभर कॉन्क्रिशनच कापत आलोय. चुन्याच्या गोट्या."

"मग तुम्हाला जास्त समजावायला नको," बाई म्हणाल्या. "आमच्याकडेही तोच शब्द, तीच गोष्ट. लहानपणी नाकात काहीतरी घातलं असणार. मुलं घालतातच. कुणाच्या लक्षात आलं नाही, ते आत राहिलं आणि त्याच्यावर थर बसत गेले. क्षार, चुना. बरीच वर्षं झालीयेत. नाक चोंदतं का या बाजूचं?"

"चोंदलेलंच असतं. मला वाटायचं, सगळ्यांचं एक बाजूचं नाक असंच असतं."

"डोकं दुखतं?"

"अधूनमधून."

बाई लिहीत होत्या. लिहिता लिहिताच त्यांनी विचारलं, "आणि वासाचं? त्यासाठी आधी कधी दाखवलं नव्हतं का कुणाला?"

"वास मला पहिल्यापासून कमीच येतो."

बाईंचं पेन थांबलं. त्यांनी मान वर केली. "तुम्हाला येणारा वास नाही म्हणत मी. तुमच्या नाकातून येणारा." मग जरा आवाज उतरवून, "तुम्हाला कुणी सांगितलं नाही?"

खडेसाहेब त्यांच्याकडे बघत राहिले. टेबलावर कानाची प्लास्टिकची प्रतिकृती होती, तिच्याकडे बघितलं. मग भिंतीकडे.

"फार येतो?" त्यांनी विचारलं.

बाई तडकफडक होत्या पण खोट्या नव्हत्या. "येतो," त्या म्हणाल्या. "तुम्ही दारातून आत आलात तेव्हाच मला अंदाज आला होता. आत सडकं साचून राहतं हो. तुमचा दोष नाही. आणि ज्याचा त्याला कळत नाही, नाकाला सवय होते. आपण काढून टाकू. फार मोठं ऑपरेशन नाही."

पुढच्या आठवड्यातली तारीख मिळाली.

तो मधला आठवडा त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात लांब आठवडा ठरला. एकदा कळल्यावर सगळीकडे तेच दिसू लागलं. खिडकी का उघडली जाते ते दिसलं. न्हावी त्यांची दाढी करताना मान वळवून दाराकडे का बघतो, ते दिसलं. नव्या लागलेल्या सहायक बाईंनी टेबलावर छोटा पंखा ठेवला होता आणि त्याचं तोंड स्वतःकडे नव्हे, यांच्या दिशेने होतं, तेही दिसलं. बसमध्ये माणसं उभी असताना त्यांच्या शेजारची जागा रिकामी राहायची. त्यांना वाटायचं, आपला चेहराच उग्र आहे. हा जो सगळा हिशेब त्यांनी स्वभावाच्या खात्यावर मांडला होता, तो आता एका सुपारीएवढ्या खड्याच्या नावावर जमा करायचा होता. आणि गंमत अशी की त्यांना हलकं वाटण्याऐवजी संताप येत होता. इतकी माणसं, इतकी वर्षं! एकालाही तोंड उघडता आलं नाही?

तिसऱ्या दिवशी त्यांनी ताईला फोन केला. ताई त्यांच्याहून सात वर्षांनी मोठी, गुडघे गेलेली, मुलाकडे राहणारी. आईवडील गेल्यावर ही एकच उरलेली होती.

"ताई, एक विचारतो. खरं सांगशील?"

"विचार की."

"मला वास यायचा का?"

ताई म्हणाली, "कुणी सांगितलं तुला?"

'कसला वास' असं ती म्हणाली नाही. कुणी सांगितलं, असं म्हणाली. खडेसाहेबांना पुढे काही विचारायची गरजच राहिली नाही, पण ताईचं सुरू झालं होतं. "लहानपणापासून रे. आई तुझे दात घासून घासून हिरड्यांतून रक्त काढायची, आठवतं? दोन डॉक्टर झाले. कुणी म्हणालं पोट, कुणी म्हणालं टॉन्सिल. मग आईनेच सांगितलं, त्याच्यासमोर हा विषय काढायचा नाही. पोर आधीच घुमं आहे, मनाला लावून घेईल. आम्ही नाही काढला."

"पन्नास वर्षं नाही काढला?"

"अरे, एकदा नाही काढला की मग कसा काढायचा?"

त्यांनी नाकातल्या खड्याचं सांगितलं. ताई फोनवरच रडली आणि मग रडता रडता म्हणाली, "माझ्या सासूच्या पित्तातला खडा काढला होता, त्याहून मोठा आहे का रे?" दोघंही हसले. फोन ठेवल्यावर खडेसाहेबांना आपण किती दिवसांनी कुणाबरोबर हसलो ते आठवेना.

ऑपरेशनच्या दिवशी परिचारिकेने विचारलं, "सोबत कोण आहे?"

"कोणी नाही."

"घ्यायला?"

"टॅक्सी."

तिने बाईंकडे बघितलं, बाईंनी यांच्याकडे. "मग दुपारपर्यंत इथेच झोपायचं," बाई म्हणाल्या. "घाई करायची नाही."

नाक बधिर केलं होतं, पण कान शाबूत होते. आत चिमट्याचा कुरकुर आवाज होत होता, अगदी त्यांच्या करवतीसारखा. "घट्ट बसलाय हो," बाई स्वतःशीच पुटपुटत होत्या, "जागा सोडायला तयार नाही." शेवटी दोन बारीक तुकडे आणि एक मोठा, असा तो बाहेर आला. करड्या-तपकिरी रंगाचा, खरखरीत. बाईंनी तो धुऊन, जंतुनाशकात बुडवून, छोट्या बरणीत घालून दिला. "एरवी आम्ही देत नाही. पण तुमचा शब्द आहे, तुम्ही ठेवा."

दोन-तीन दिवस नाकात बोळे होते. दवाखान्यात जाऊन बोळे काढून खडेसाहेब घरी आले, कुलूप उघडलं, आत पाऊल टाकलं आणि दारातच थांबले.

घराला वास होता. ओल्या भिंतीचा, धूळ खाल्लेल्या पडद्यांचा, कपाटात वर्षानुवर्षं पडून राहिलेल्या कागदांचा. स्वयंपाकघरातल्या फडक्याचा. हे सगळं एवढे दिवस इथे होतं आणि आपण त्यात जेवत होतो, झोपत होतो. त्यांनी बायकोच्या खोलीचं दार उघडलं. तिथे कसलाच वास नव्हता. साबणाचा नाही, तेलाचा नाही, माणसाचा नाही. ते पलंगाच्या कडेला बसले. उशी उचलून नाकाला लावली. कापूस आणि धूळ. नाक आलं होतं, पण हुंगायला काही उरलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी प्रयोगशाळा उघडताच, बाकी कुणी यायच्या आत, त्यांनी तो खडा करवतीखाली धरला. पण कापायच्या आधी कडेच्या तुकड्यावर सौम्य आम्लाचा थेंब टाकून बघितला. फसफस झाली. चुना होताच. मग मोठा तुकडा मधोमध कापला. आत वलयं होती, बारीक, एकात एक, काही फिकट, काही गडद. आणि अगदी मध्यभागी एक बटण. दोन भोकांचं, पांढरं, बाहुलीच्या अंगरख्याला शोभेल इतकं लहान.

त्यांनी ताईला फोन करून विचारलं.

"बाहुली?" ताई म्हणाली. "आपल्या घरात बाहुली कुठे होती रे? फाटक्या मोज्यांत कापूस भरून खेळायचो आपण." बटण कुठून आलं, कुणाचं, यांनी ते नाकात का घातलं, हे सांगणारं आता कुणीच नव्हतं. खडेसाहेबांनी ते तसंच राहू दिलं. पण डोक्यात दुसराच विचार आला होता आणि तो काही केल्या जाईना. घोरणं-बिरणं सगळी सबब. बायको या वासामुळे गेली. दुसरं कारणच नाही. आता कारण बरणीत आहे आणि मी मोकळा आहे. मग तिला जाऊन सांगायला काय हरकत आहे?

फोन न करताच ते रविवारी सकाळी बसमध्ये बसले. बरणी कोटाच्या खिशात. पुढच्या थांब्यावर एक जाडजूड गृहस्थ चढले, इकडेतिकडे न बघता धपकन त्यांच्या शेजारी बसले आणि थोड्याच वेळात घोरू लागले. घोरता घोरता त्यांचं डोकं खडेसाहेबांच्या खांद्यावर आलं. केसांना कसलंसं उग्र तेल होतं. खडेसाहेबांनी खांदा जराही हलवला नाही. गृहस्थ उतरेपर्यंत, हाताला मुंग्या आल्या तरी, ते तसेच ताठ बसून राहिले.

दुकान अरुंद होतं, दोन्ही भिंतींवर चष्म्यांच्या चौकटी टांगलेल्या. मालक रविवारी येत नसे. ती एकटीच होती. काच घासायच्या यंत्रावर वाकलेली. केस बरेच पांढरे झाले होते आणि गळ्यात दोरीला बांधलेला स्वतःचा चष्मा होता. तिने मान वर केली.

"अहो, तुम्ही? काय झालं? ताई बऱ्या आहेत ना?"

"ताई बरी आहे. सगळे बरे आहेत." त्यांनी बरणी काढून काउंटरवर ठेवली. "हे बघ."

आणि मग हा मुका माणूस बोलत सुटला. दाढ, एक्स-रे, डॉक्टरीणबाई, करवत, बटण. इतकं सलग तिने त्यांना लग्नाच्या सगळ्या वर्षांत कधी बोलताना ऐकलं नव्हतं. ती ऐकत होती. बरणी उचलून तिने डोळ्याला भिंग लावलं आणि बटण निरखून बघितलं, जसं कुणाची चौकट दुरुस्तीला आली की बघायची तसं.

"वास यायचा म्हणे मला," ते शेवटी म्हणाले. "तुला माहीत होतं?"

"होतं की."

"आता नाही येत. बघ हवं तर."

ती काउंटरच्या बाजूने बाहेर आली. त्यांच्या अगदी जवळ येऊन उभी राहिली, डोळे मिटले, श्वास घेतला. कित्येक वर्षांत ती इतकी जवळ आली नव्हती. "नाही येत," ती म्हणाली. तिला खरंच आनंद झाला होता. तो चेहऱ्यावर दिसत होता. "बरं झालं हो. सुटलात."

"मग?" ते म्हणाले.

"मग काय?"

"तू ज्यासाठी गेलीस, ते आता..."

तिच्या चेहऱ्यावरचा आनंद हळूच मावळला. ती पुन्हा काउंटरच्या पलीकडे गेली. "मी वासासाठी गेले असं वाटतं तुम्हाला?"

त्यांनी काउंटरवरच्या बरणीकडे बघितलं.

"मी तुम्हाला सांगितलं होतं," ती म्हणाली. "तुम्हाला आठवत नाही, हे दिसतंच आहे. लग्नाला वर्षही झालं नव्हतं. मी आपलं जवळचं माणूस म्हणून हळूच म्हटलं, अहो, डॉक्टरला दाखवू या का, जरासा वास येतो. तुम्ही उशी उचललीत आणि बाहेरच्या खोलीत गेलात. महिना झाला, दीड महिना झाला, एक शब्द नाही. ताट वाढलं की जेवायचात, उठून जायचात. मला वाटलं, संपलं आता सगळं. शेवटी मी माफी मागितली. आठवतं? मी उगाच म्हटलं, मला भास झाला असेल, असं सांगितलं. माफी मागितली मी, तुमच्या नाकाची!"

खडेसाहेबांच्या डोळ्यांपुढे ती बाहेरची खोली आली. जमिनीवर घातलेलं अंथरूण आलं. का झोपत होतो तिथे, हे काही आठवेना. पण झोपत होतो हे आठवलं. आणि दारात उभी राहिलेली ती आठवली, हातात पाण्याचा पेला घेतलेली. तिच्याकडे न बघण्यासाठी त्यांनी डोळे घट्ट मिटून घेतले होते.

"त्यानंतर तुम्हाला काही सांगायची माझी छाती झाली नाही," ती म्हणत होती. "वासाचं नाही, कशाचंच नाही. मला आई आठवते, मला भीती वाटते, मला आज कंटाळा आलाय, असलं साधंसुद्धा नाही. काय सांगावं, कुठल्या शब्दाला पुन्हा उशी उचलाल! वासाची सवय झाली होती हो मला. खरंच झाली होती. त्या गप्प बसण्याची नाही झाली."

बाहेरून एक म्हातारी चष्म्याची काडी निखळली म्हणून आली. बायकोने डोळे पुसले, तिला बसवलं, बारीक स्क्रू शोधला, काडी बसवून दिली, कानामागे नीट बसते का ते बघितलं. म्हातारी गेली. खडेसाहेब स्टुलावर बसून होते. आठवडाभर ज्यांच्यावर ते चिडले होते, त्या सगळ्यांचे चेहरे त्यांच्यासमोरून जात होते. तोंड उघडलं नाही म्हणून राग होता. पण एकीने उघडलं होतं.

"मी वाईट वागलो," ते म्हणाले.

"हो," ती म्हणाली. "वाईट वागलात." मग जरा वेळाने, "चहा घेणार?"

मागच्या खोलीत तिने चहा केला. दोघांनी उभ्यानेच प्यायला. घरी परत येतेस का, हे शब्द त्यांच्या जिभेवर आले होते, पण तिने त्या आधीच, कप विसळता विसळता, पाठमोरी राहूनच सांगितलं, "माझं इथे बरं चाललंय. मी काही आता परत यायची नाही. तुम्हाला उगाच आशेवर ठेवत नाही."

"बरं," ते म्हणाले.

"असं नुसतं बरं म्हणू नका हो. काय वाटलं ते सांगा."

त्यांनी खूप प्रयत्न केला. हे बाहेर काढायला कुठल्या डॉक्टरचा चिमटा कामाचा नव्हता. "वाईट वाटलं," ते शेवटी म्हणाले. "फार वाईट वाटलं. घरात तुझा वासच नाही राहिलेला."

ती वळली. तिने त्यांच्या कोटाची वर गेलेली कॉलर नीट केली. दारापर्यंत सोडायला आली तेव्हा म्हणाली, "पुढच्या वेळी यायच्या आधी फोन करत चला. नुसते येऊन थडकू नका. माणूस घाबरतं."

परतीच्या बसमध्ये त्यांच्या शेजारी कुणी बसलं नाही. बस रिकामीच होती.

सोमवारी चहाच्या वेळी खडेसाहेब आपला कप घेऊन खिडकीशी गेले आणि तिथून परत फिरले. मोठ्या टेबलापाशी आले. बोलणं थांबलं. सवयीने दोघांनी खुर्च्या किंचित मागे सरकवल्या. ते बसले नाहीत, उभ्यानेच म्हणाले, "माझ्या नाकात खडा होता. लहानपणापासून. त्याचा वास यायचा. आता काढलाय. तुम्हाला सगळ्यांना त्रास झाला असेल."

कुणाला कुठे बघावं कळेना. सहायक बाई कपात बघत बसल्या. शेवटी मोठे कारकून, निवृत्तीला आलेले, घसा खाकरून म्हणाले, "साहेब, आम्हाला इतकी वर्षं वाटायचं की तो तुमच्या बरण्यांचा येतो. दोनदा तर तुम्ही रजेवर असताना धुऊनसुद्धा टाकल्या आम्ही."

एकजण फिसकन हसला, मग दुसरा, मग सगळेच. खडेसाहेबही हसले. कारकून खोटं बोलत होते हे त्यांना कळत होतं आणि कुणीतरी आपल्यासाठी इतकं गोड खोटं बोलतंय हेही कळत होतं. सहायक बाईंनी खुर्ची पुढे केली. ते बसले. पण बसल्यावर काय बोलायचं असतं ते त्यांना माहीत नव्हतं. गप्पा कुणाच्या तरी जावयाच्या नव्या गाडीवर गेल्या आणि ते कप संपेपर्यंत ऐकत राहिले. दुसऱ्या दिवशी पुन्हा बसले. काही दिवसांनी खुर्च्या मागे सरकेनाशा झाल्या. जिव्हाळा म्हणावा असं काही झालं नाही. एवढी वर्षं न झालेली मैत्री अशी चुटकीसरशी होत नसते.

घरी त्यांनी पडदे धुतले, जुने कागद काढून टाकले, भिंतींना रंग दिला. घर स्वच्छ झालं. रिकामं होतं तसंच राहिलं.

मग एका संध्याकाळी, वाढदिवस नसताना, त्यांनी बायकोला फोन केला.

"काय झालं?" तिने विचारलं.

"काही नाही. आज खड्ड्यात उतरलो होतो, पाय घसरला. लागलं नाही. पण वर येताना मला भीती वाटली. एवढंच सांगायचं होतं."

"कशाला उतरता हो या वयात?" ती म्हणाली. आणि मग, "थांबा हां, गिऱ्हाईक आलंय. ठेवू नका."

तिने फोन काउंटरवर ठेवल्याचा ठक्क आवाज आला. खडेसाहेब कानाला फोन लावून उभे राहिले. पलीकडे खुर्ची सरकली. ती कुणाला तरी सांगत होती, "डावा डोळा झाका. वरून वाचा." एक अनोळखी माणूस भिंतीवरच्या तक्त्यातली अक्षरं वाचू लागला. आधी मोठ्याने, भराभर. मग खालच्या ओळींवर थांबत, अडखळत. "घाई नाही," ती त्याला म्हणाली, "सावकाश बघा." खडेसाहेब खुर्ची ओढून बसले आणि ऐकत राहिले.